सावकार, पाटील, चेअरमन : निळू फुले यांच्या खलभूमिकांत नोंदलेले गाव

१/
मोरगावला मयूरेश्वराच्या दर्शनाला आलेला भाविक बहुधा कऱ्हेकाठचे देऊळ पाहतो, नगारखान्याखालून बाहेर पडतो आणि अष्टविनायकांतल्या पुढच्या गणपतीची वाट धरतो. इथे थोडे थांबून दोन दिशांना पाहिले, तर महाराष्ट्राच्या खेड्यातील सत्तेचा शंभर वर्षांचा इतिहास बैलगाडीच्या एका दिवसाच्या वाटेत सापडतो. ईशान्येला सुपे आहे. दक्षिणेला नीरेचा डावा कालवा आणि त्याच्या पाण्यावर उभे राहिलेले साखर कारखाने आहेत. मधले मोरगाव स्वतः जिरायत.

२/
हा थ्रेड एका नटाविषयी आहे. तो बहुतेक चित्रपटांत नायक नव्हता. श्रेयनामावलीत त्याचे नाव नायक-नायिकेनंतर येई. तरीही १९६८ ते १९८५ या काळातील ग्रामीण महाराष्ट्रावर सत्ता कोणाची होती, ती कशी चालत असे, कशी बोलत असे, हे समजून घ्यायचे असेल, तर त्या काळच्या नायकांपेक्षा या दुय्यम भूमिका अधिक सांगतात. नट म्हणजे निळू फुले. पण त्यांच्यापाशी पोहोचण्याआधी सुप्याला जाऊन यावे लागेल.

३/
१२ मे १८७५. सुप्याचा बाजाराचा दिवस. आसपासच्या गावांतून आलेले शेतकरी सावकारांच्या दुकानांवर आणि घरांवर चालून गेले. त्यांना मुख्यतः हवी होती ती कर्जखते आणि वह्या. कागद हाती आले की त्यांची होळी होई. हे लोण भीमथडी, इंदापूर, पुरंदर, शिरूर अशा पुणे जिल्ह्यातील तालुक्यांत आणि अहमदनगर जिल्ह्यातही पसरले. इतिहासात याला ‘दख्खनचे दंगे’ म्हणतात. (आजचा बारामती तालुका तेव्हा भीमथडीत मोडत असे.)

४/
सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा केला. कर्जाच्या दाव्यात न्यायालयाला खतामागचा व्यवहार तपासण्याची मुभा मिळाली. सावकार त्यामुळे नाहीसा झाला नाही. मात्र शेतकऱ्याच्या शत्रूला त्या काळी एक ओळखता येणारा चेहरा होता, आणि त्याच्या हातात कागद होता. पुढे मराठी माणूस चित्रपट काढू लागला, तेव्हा त्याच्या पडद्यावर गावचा पहिला मोठा खलपुरुष म्हणून हाच आला.

५/
१९२५ साली कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने ‘सावकारी पाश’ हा मूकपट केला. दिग्दर्शक बाबूराव पेंटर. सावकाराच्या कचाट्यात जमीन गमावून शहरात गिरणी कामगार होणारा तरुण शेतकरी साकारला होता व्ही. शांताराम यांनी. देवादिकांच्या आणि ऐतिहासिक कथांत रमलेल्या पडद्यावर शेतकऱ्याचे कर्ज हा विषय येणे ही मोठी घटना होती. सुप्याला जे जळाले, ते पन्नास वर्षांनी पडद्यावर आले, असे म्हणता येईल.

६/
स्वातंत्र्यानंतर चेहरा बदलला. तमाशापटांची लाट आली आणि खलपुरुषाच्या जागी पाटील बसला. १९५९ चा अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात दोन वर्षांहून अधिक काळ चालला. त्यातील अन्यायाच्या मुळाशी गावचा दुष्ट पाटीलच आहे. वाडा, दिवाणखाना, बैठकीची लावणी आणि उद्दाम पाटील हा साचा तेव्हापासून घट्ट झाला. हा पाटील वतनदार होता. त्याचा अधिकार जन्माने आलेला.

७/
इथे इतिहासाची एक गंमत आहे. पडद्यावरचा पाटील जोरात असतानाच प्रत्यक्षातले ते पद मोडीत निघत होते. १९५८ चा ग्रामपंचायत कायदा, १९६० चा सहकारी संस्थांचा कायदा, १९६१ चे शेतजमीन कमाल धारणा व जिल्हा परिषद कायदे, १९६२ चा मुलकी पाटील पद रद्द करणारा कायदा आणि १९६७ चा ग्राम पोलीस कायदा, अशा एका दशकातल्या कायद्यांनी गावच्या सत्तेचा पायाच बदलला. वंशपरंपरेचा पाटील कागदोपत्री संपला. १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा कामाला लागल्या.

८/
मग गावावर सत्ता कोणाची? उत्तर मोरगावच्या दक्षिणेला सापडते. १८७६–७८ च्या दुष्काळाच्या कामांतून पुढे आलेल्या नीरा डाव्या कालव्याने बारामती-इंदापूरच्या एका पट्ट्याला बागायत केले. त्या पाण्यावर ऊस आला. इंदापूर तालुक्यात वालचंद हिराचंद यांनी वालचंदनगर उभारले, तो खाजगी कारखाना. १९५० च्या अखेरीस प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी सहकारी कारखान्याची वाट दाखवली. त्या वाटेवर पुढे माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर असे कारखाने या भागात उभे राहिले.

९/
सहकाराने खूप दिले, हे आधी नोंदवायला हवे. शेतकरी कारखान्याचा भागधारक झाला, एका सभासदाला एक मत मिळाले, शाळा-महाविद्यालये, दवाखाने, रस्ते आले. सावकाराच्या वहीतून सुटलेला शेतकरी प्रथमच संस्थेच्या सभेत हात वर करू लागला. ज्यांच्या आजोबांनी कर्जापायी जमीन घालवली, त्यांची नातवंडे इंजिनियर झाली. कारखान्याची चिमणी दूरवरून दिसू लागली की या भागातल्या माणसाला आजही घर आल्यासारखे वाटते.

१०/
त्याबरोबर एक नवी खुर्ची आली : चेअरमनची. तिची ताकद समजण्यासाठी उसाची प्रकृती समजली पाहिजे. ऊस तयार झाला की तो वेळेत तुटून गाळपाला गेला पाहिजे. शेतात ताटकळला तर वजन घटते, साखरेचा उतारा घटतो. तोडलेला ऊस तर घरात साठवताही येत नाही. म्हणजे तोडणीची पाळी कोणाला आधी आणि कोणाला नंतर, यावर शेतकऱ्याचे वर्ष ठरते. सावकाराला कर्जखत लागत असे. इथे नुसती पाळी मागे ढकलली तरी पुरे.

११/
हात न उगारता, आवाज न चढवता वापरायची ही सत्ता होती. सोसायटीचे कर्ज, मुलाची नोकरी, बदली, तोडणीची पाळी अशा मदतीच्या रूपातच ती येई. जुना पाटील चाबूक घेऊन यायचा. हा नवा पुढारी खांद्यावर हात ठेवून यायचा. मराठी चित्रपटाला त्याच्यासाठी वेगळ्या नटाची गरज होती. गडगडाटी हसणारा, मिशीला पीळ देणारा खलनायक या कामाचा नव्हता.

१२/
नीळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म १९३० च्या सुमाराचा. घरची गरिबी. तरुणपणी ते पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळी होते. ऐंशी रुपये पगारातले दहा रुपये ते राष्ट्र सेवा दलाला देत. १९४१ साली स्थापन झालेल्या सेवा दलाचे कलापथक हीच त्यांची नाट्यशाळा. कलापथक गावोगाव जाई, चावडीपुढे किंवा देवळाच्या पटांगणात वग सादर करी आणि जातिभेद, भ्रष्टाचार, पुढाऱ्यांचे ढोंग यांवर लोकांना हसवत विचार करायला लावी.

१३/
या कलापथकांतून आणि त्यांच्या भोवतालच्या लोकनाट्यांतून एक अख्खी पिढी घडली : निळू फुले, राम नगरकर, दादा कोंडके. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पुढारी पाहिजे’ या वगातील रोंगेच्या भूमिकेने निळूभाऊंकडे लोकांचे लक्ष गेले. पुढे शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना व्यावसायिक रंगभूमीवर आणले. पुढाऱ्याची नक्कल करण्याची सवय अशी आधीपासूनची होती. फडात प्रेक्षक चार हातांवर असतो. ढोंग खोटे वाटले तर तो लगेच उठून जातो.

१४/
अनंत माने यांनी त्यांना हेरले. ‘सांगत्ये ऐका’नंतर नऊ वर्षांनी, १९६८ मध्ये, त्याच मान्यांचा ‘एक गाव बारा भानगडी’ आला आणि निळू फुले यांचा झेलेअण्णा प्रेक्षकांच्या ध्यानात बसला. हे दोन चित्रपट एका पाठोपाठ पाहावेत. दिग्दर्शक एकच, गावही तसेच. पण पहिल्यात दहशतीचे मूळ वाड्यात आहे, आणि दुसऱ्यात कारस्थान चव्हाट्यावर, गटातटांच्या बोलण्यात शिजते. मधल्या नऊ वर्षांत गावात निवडणूक आली होती.

१५/
निळूभाऊंची घडण या नव्या सत्तेला नेमकी जुळली. उंची बेताची, अंगकाठी साधी. आवाज घोगरा आणि संथ. वाक्याचा शेवट ते ओढून, जवळजवळ लाडिकपणे करीत, आणि धमकी त्या ओढलेल्या शेवटात असे. डोळे समोरच्याकडे थेट नसत. ते आधी बाजूला जात, मग सावकाश परतत. टोपी किंचित तिरकी, धोतराचा सोगा हातात, ओठांवर अर्धे हसू. समोरच्याने काय करायचे ते त्यालाच उमगावे, अशी सोय ते ठेवीत.

१६/
या शैलीचा कळस ‘सामना’. लेखन विजय तेंडुलकर, दिग्दर्शन जब्बार पटेल, निर्मिती रामदास फुटाणे. १९७५ च्या बर्लिन चित्रपट महोत्सवात तो स्पर्धा विभागात होता. गावात एक दारुडा, मोडून पडलेला जुना गांधीवादी मास्तर (श्रीराम लागू) येतो. साखर कारखान्याचा आणि त्याभोवतीच्या साऱ्या संस्थांचा धनी हिंदुराव धोंडे पाटील (निळू फुले) त्याला आसरा देतो, खाऊ-पिऊ घालतो, आपले वैभव दाखवतो. मास्तर एकच प्रश्न धरून बसतो : मारुती कांबळे नावाच्या माणसाचे काय झाले?

१७/
हिंदुरावाच्या नावात ‘पाटील’ आहे, पण सत्ता वतनाची नाही. ती त्याने स्वतः उभी केली आहे. आपण गावाचे भले केले, याची त्याला खात्री आहे, आणि ती खात्री पूर्णपणे खोटी नाही, हेच चित्रपटाचे सामर्थ्य. निळूभाऊंनी त्याचा अहंकार ठेवला, आदरातिथ्य ठेवले, आणि मास्तराविषयीचे खरेखुरे कुतूहलही ठेवले. मास्तराने एकदा आपल्याला चांगले म्हणावे, अशी या बलाढ्य माणसाची आस आहे. वतनदाराला असल्या मान्यतेची गरज नसे. निवडून येणाऱ्याला ती असते.

१८/
सत्तेसमोर ‘मास्तर’ उभा करणे ही त्या काळच्या मराठी मनाची खूण आहे. ‘पिंजरा’मध्ये (१९७२) आदर्श मास्तर ढासळतो, ‘सामना’मध्ये ढासळलेला मास्तर उठतो. निळू फुले दोन्ही चित्रपटांत आहेत. १९८४ च्या हिंदी ‘सारांश’मध्ये निवृत्त शिक्षकासमोर गजानन चित्रे हा राजकारणी उभा राहतो, तोही निळू फुले. धोतर गेले, गाव गेले, मुंबईतले मध्यमवर्गीय घर आले. धमकी तीच, गोड आवाजातली. खेड्यातील खुर्ची शहरात पोहोचल्याची ती नोंद होती.

१९/
मध्यवर्ती भूमिका त्यांना मिळाल्याच नाहीत, असे नाही. १९७२ मध्ये तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’चा सखाराम त्यांनी केला. दिग्दर्शक कमलाकर सारंग, सोबत लालन सारंग आणि कुसुम कुलकर्णी. परिनिरीक्षण मंडळाने तीसहून अधिक काटछाटी सुचवल्या. प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि निकाल नाटकाच्या बाजूने लागला. टाकलेल्या बायकांना घरी आणणारा हा रासवट पुस्तकबांधणीवाला पाहिलेल्यांना या नटाचा आवाका कळला होता. चित्रपटाने मात्र त्यांना बहुतेक वेळा वाड्यावरच परत पाठवले.

२०/
याचे कारण धंद्याच्या गणितात होते. मराठी चित्रपटाचा ग्रामीण प्रेक्षक जत्रा-उरुसांतल्या तंबूंत आणि तालुक्याच्या टॉकीजमध्ये होता. माघात, भाद्रपदात देवाच्या जत्रा भरत आणि त्यांच्या मागोमाग तंबू येत. वितरकाला खात्रीचा माल हवा असे : लावणी, विनोद आणि प्रेक्षक दातओठ खाईल असा पाटील. नायक बदलला तरी चालेल, पण पाटील निळू फुलेच हवेत. ज्या कौशल्याने त्यांनी साचा मोडला, तेच कौशल्य नवा साचा होऊन त्यांच्याभोवती बसले.

२१/
असा शिक्का एकट्या त्यांच्यावर नव्हता. कोल्हापूरचे गणपत पाटील यांनी तमाशापटांत नाच्याची भूमिका इतक्या जिवंतपणे केली की आयुष्यभर लोकांनी त्यांना त्या चालीबोलीतच पाहिले. २००८ मध्ये ते गेले, तोवर ती ओळख सुटली नाही. नायकाच्या वाट्याला दर चित्रपटात नवे नाव येते. दुय्यम भूमिकेतल्या नटाला मात्र एक चेहरा मिळतो आणि लोक तोच त्याच्या घरापर्यंत नेऊन पोहोचवतात. निळूभाऊंना पाहून खेड्यांतल्या बाया घाबरत, बोटे मोडत, असे सांगितले जाई. मिमिक्री करणाऱ्यांनी तर त्यांना एका वाक्यापुरते करून ठेवले.

२२/
प्रत्यक्षातला माणूस याच्या उलट टोकाला होता. सेवा दलाचे संस्कार त्यांनी सोडले नाहीत. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामाला त्यांनी उघड पाठिंबा दिला. १९८० च्या दशकात डॉ. नरेंद्र दाभोलकर, डॉ. श्रीराम लागू आदींच्या पुढाकाराने पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन देण्यासाठी ‘सामाजिक कृतज्ञता निधी’ उभा राहिला. त्यासाठी नामवंत नटांनी आचार्य अत्रे यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग महाराष्ट्रभर केले. त्या संचात पडद्यावरचे मास्तर आणि हिंदुराव एकत्र होते. आणि लोकांकडून पैसे जमवत होते ते दुसऱ्यांसाठी.

२३/
या विसंगतीकडे केवळ ‘पडद्यावर वाईट, मनाने चांगला’ असे पाहणे अपुरे आहे. पुढाऱ्याचे ढोंग त्यांना इतके बारकाईने करता आले, ते त्यांनी कार्यकर्ता म्हणून ते जवळून पाहिले होते म्हणून. गावोगावच्या सभांत व्यासपीठामागे काय बोलले जाते, हे सेवा दलाच्या मुलाला ठाऊक होते. फड बंद झाल्यावर त्यांनी तीच टीका चित्रपटात नेली. हिंदुराव हा एका अर्थाने कलापथकाचाच वग होता. फक्त प्रेक्षक चार हातांवर नव्हते, चार लाख होते.

२४/
जपानी नोह रंगभूमीत एका पात्रप्रकाराला ‘वाकी’ म्हणतात. शब्दाचा अर्थ ‘बाजू’. वाकी बाजूच्या खांबापाशी बसतो, प्रश्न विचारतो, आणि त्याच्या विचारण्यातून मुख्य पात्राचे अंतरंग उघडते. जपानी भाषेत साहाय्यक नटाला जो शब्द आहे, तोही याच ‘बाजू’वरून आलेला. कुरोसावांच्या चित्रपटांतले ताकाशी शिमुरा हे असे मोठे नट. ‘सेव्हन सामुराई’त (१९५४) तलवार त्यांच्या हाती असूनही ते बहुतेक वेळ पाहतात, ऐकतात, मग बोलतात.

२५/
निळूभाऊंनी असा ‘बाजूचा माणूस’ एकदा केला आणि तो विलक्षण होता. ‘सिंहासन’ (१९७९), अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या कादंबऱ्यांवर आधारित, पुन्हा तेंडुलकर आणि जब्बार पटेल. मुख्यमंत्र्यांची खुर्ची, बंडखोर मंत्री, कामगार पुढारी, तस्कर या साऱ्यांच्या कडेने एक पत्रकार फिरतो : दिगू टिपणीस. तो सत्तेत नाही, पण सत्तेतले सगळे त्याच्याशी बोलतात. सारे पाहून झाल्यावर शेवटी भान हरपतो तोच. चार वर्षांपूर्वी हिंदुराव झालेल्या नटाला सत्तेचा साक्षीदार करणे, ही निवड फार समजून केलेली होती.

२६/
रंगभूमीवर जयवंत दळवी यांच्या ‘सूर्यास्त’मध्ये ते अप्पाजी झाले : मुख्यमंत्री झालेल्या मुलाविरुद्ध उभा राहणारा म्हातारा गांधीवादी. म्हणजे ‘सामना’तील मास्तराची जागा आता त्यांच्याकडे आली होती. १९८५ नंतर मराठी चित्रपट शहरी विनोदाकडे वळला, तंबू ओस पडत गेले आणि पडद्यावरून गाव मागे हटले. खलपुरुष पाटीलही हटला. गावातील सत्ता काही हटली नव्हती. तिच्याकडे पाहणारा कॅमेरा तेवढा दुसरीकडे वळला. १९९१ मध्ये निळूभाऊंना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

२७/
१३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक, त्याच वर्षीचा ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’, शेतकऱ्यांच्या आत्महत्यांविषयी आहे. विषय पुन्हा कर्जाचा. सुप्याच्या बाजारातल्या त्या दिवसाला तेव्हा एकशे चौतीस वर्षे झाली होती. १८७५ च्या शेतकऱ्याला जाळायला निदान सावकाराची वही सापडली. चेअरमनच्या काळात कागद संस्थेच्या कपाटात गेला. आणि आता गळफास घेणाऱ्याला आपला देणेकरी नेमका कसा दिसतो, हेही सांगता येत नाही. पडद्याला त्याच्यासाठी अजून चेहरा मिळालेला नाही.

२८/
आपल्याकडे चित्रपटाचा इतिहास नायक-नायिकांच्या नावांनी लिहिला जातो. पण गावावर कोणाची जरब होती, हे नायकाकडून कळत नाही. तो बहुतेक वेळा सर्व काळांत सारखाच शूर असतो. जरब ज्याच्या चेहऱ्यावर दिसते, तो दुय्यम नट काळाबरोबर बदलतो : १९२५ मध्ये वही घेऊन, १९५९ मध्ये वाड्यातून, १९७५ मध्ये चेअरमनच्या खुर्चीवरून. निळू फुले यांनी यातला सर्वांत अवघड चेहरा सांभाळला, कारण तो मते मागणाऱ्याचा, म्हणजे आपणच निवडलेल्याचा होता. आपण त्यांना शिव्या घातल्या, त्यातल्या काही आपल्या स्वतःसाठी होत्या.

२९/
पुढच्या वेळी मोरगावला गेलात, तर दर्शनानंतर सुप्याला जाऊन या, मग दक्षिणेला कालव्याकडे उतरा. हिवाळा असेल तर वाटेत उसाच्या गाड्या लागतील. आणि रात्री ‘सामना’ पुन्हा पाहा. या वेळी मास्तराकडे नको, हिंदुरावाच्या डोळ्यांकडे लक्ष ठेवा.

(समाप्त)